ऑनलाइन पोर्टल, ऑफलाइन लायब्ररी की मोबाईलमधलं पीडीएफ? टॉवरच्या कामाला काय बरं पडतं

मोबाईल टॉवरवरच्या उपकरणांची मॅन्युअल वाचायची आहेत आणि बेळगावात ऑफिसात बसून काम असेल, तर उपकरण बनवणाऱ्या कंपनीचं ऑनलाइन पोर्टलच घ्या, लॉगिन केलं की ताजी आवृत्ती समोर येते, दुरुस्त्या झालेल्याही दिसतात. पण खानापूरच्या पुढं जांबोटी, कणकुंबीकडची साईट असली की काय करणार? जो टॉवर झोपलाय त्याच्याच रेंजवर आपला मोबाईल, मग पोर्टल उघडणार कशावर!

तिथं लॅपटॉपमधली ऑफलाइन लायब्ररीच कामाला येते. उपकरणं हुआवेची असतील तर त्यांचं हेडेक्स लाइट घ्या, एरिक्सनची असतील तर अ‍ॅलेक्स लायब्ररी, दोन्ही ब्राउझरमध्येच वाचायच्या पण नेट नसलं तरी चालतं. पावसाळ्यात व्हीएसडब्ल्यूआरचा (अँटेनाकडं पाठवलेला सिग्नल किती परत फिरतो त्याचं माप) अलार्म आला समजा, तर अलार्मचं नाव टाकलं की कारणं, आधी काय तपासायचं मग काय, सगळं क्रमानं मिळतं, आणि जंपर (रेडिओ युनिट आणि अँटेना जोडणारी छोटी केबल) नीट कसलाय का, कनेक्टरमध्ये पाणी शिरलंय का हे बघायच्या आधीच रेडिओ युनिट बदलायची घाई होत नाही. तेच पीडीएफमध्ये शोधायला गेलात तर तो शब्द पन्नास ठिकाणी सापडतो आणि कुठलं पान आपलं ते कळत नाही.

ऑफलाइनची गोम एकच, पण मोठी आहे. नोडचं, म्हणजे टॉवरवरच्या बेस स्टेशनचं, सॉफ्टवेअर अपग्रेड होतं आणि लॅपटॉपवरची लायब्ररी जुनीच राहते, मग कमांड जुळत नाही, पॅरामीटरची डिफॉल्ट किंमत वेगळी निघते. म्हणून नोडचं रिलीज (सॉफ्टवेअरची आवृत्ती) आणि लायब्ररीच्या नावातलं रिलीज निघायच्या आधी जुळवून बघायचंच.

व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारी पीडीएफ मला तरी पटत नाहीत, आवृत्ती कुठली, मधली पानं कुठं गेली, कशाचाच पत्ता नसतो. तरी अर्थिंग, उणे ४८ व्होल्टची पॉवर केबल, पोर्टांची मांडणी असल्या गोष्टींसाठी ज्या त्या मॉडेलचं इन्स्टॉलेशन पीडीएफ मोबाईलमध्ये असू द्या, वर चढताना लॅपटॉप कोण नेतंय.

सबकॉन्ट्रॅक्टरकडं असाल तर पोर्टलचं लॉगिन बहुतेक मिळत नाही, तेव्हा ऑपरेटरच्या इंजिनिअरकडून लायब्ररीची फाइल रीतसर मागून घ्या, ग्रुपवर मात्र टाकू नका, ती करारावर दिलेली असते. निपाणी, संकेश्वरच्या हायवेपट्ट्यातच ड्युटी असेल तर एवढा खटाटोप नको, शेजारच्या टॉवरची रेंज मिळते, पोर्टलवर भागतं.