कीटन आणि लॉइड: प्रेक्षकांचं ऐकण्याच्या दोन तऱ्हा

मूकपटात हशा पडद्यावर नसे, तो खुर्च्यांतूनच यायचा. म्हणून बस्टर कीटन आणि हॅरॉल्ड लॉइड हे मूकपटांतले अमेरिकी विनोदवीर दोघेही चित्रपट प्रदर्शनाआधी प्रीव्ह्यूला दाखवून बघत. पण त्या हशातून, किंवा शांततेतून, दोघांना मिळालेले धडे उलट्या दिशेचे होते.

कीटनचा 'द नॅव्हिगेटर' (1924) घ्या. पाणबुड्याच्या पोशाखातला कीटन समुद्रतळाशी छातीवर तारामासा बिल्ल्यासारखा लावतो आणि वाहतूक पोलिसासारखा माशांचा थवा हातवारे करून अडवतो, सोडतो. रबरी मासे बनवून, जिवापाड मेहनतीने केलेला प्रसंग. प्रीव्ह्यूला कुणी हसलं नाही. गंमत अशी की हाच तुकडा ट्रेलरमध्ये दाखवला तेव्हा लोक हसले. वर बोटीवर नायिका संकटात आणि हा खाली मासे हाकतोय, हे चित्रपट बघताना त्यांना रुचत नव्हतं. कीटनने प्रसंग कापला.

लॉइडला 'द फ्रेशमन'मध्ये (1925) भर घालावी लागली. नायक कच्च्या टाक्यांचा सूट घालून पार्टीला जातो, बाह्या उसवतात, शिंपी पडद्याआडून शिवत राहतो. पँट सुटणं लॉइडला फार जुनाट वाटायचं, म्हणून ते टाळलेलं. प्रीव्ह्यूत प्रसंग पुरेसा रंगला नाही, तेव्हा त्याने पँटही सोडली.

मला कीटनचा निर्णय जास्त अवघड वाटतो. आपल्या लाडक्या प्रसंगावर कात्री चालवायला मोठं काळीज लागतं.