पीएस१ ची डिस्क दाखवून गळ्यात मारलेला पीएस३

जुने गेम खेळण्यासाठी कुणी सेकंडहँड, जेलब्रेक केलेला (म्हणजे सोनीचं संरक्षण तोडून कुठलेही गेम चालतील असा केलेला) पीएस३, म्हणजे सोनीचा प्लेस्टेशन ३, घ्यायच्या विचारात असेल, तर टोकन टाकण्याआधी हे वाचून घ्या. माझ्या प्रकरणात खोटी लिंक नव्हती, ओटीपी नव्हता, क्यूआर कोडही नव्हता. यंत्र डोळ्यांसमोर चालू होतं, गेम चालत होते, विकणारा माणूस समोर चहा पीत बसला होता. आणि तरीही जे सांगितलं ते विकलंच नाही.

आधी मला पीएस३ कशाला हवा होता ते सांगतो, कारण फसवणुकीचा सगळा डाव तिथेच आहे. माझ्याकडे पीएस२ च्या ओरिजिनल डिस्का बऱ्याच आहेत. त्यात काही आपल्याकडे बनलेले गेमही आहेत: २००९ चा ‘हनुमान: बॉय वॉरियर’, २०१० चा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’. दुसरा तर मुंबईच्या ट्राइन गेम्सचा. बाहेरच्या मोठ्या गेमांच्या चकचकीत नव्या आवृत्त्या निघतात, यांच्या कुणी काढत नाही. डिस्क हाच आधार. माझ्या पीएस२ ची लेन्स आता दमली आहे आणि नव्या टीव्हीला पिवळी-पांढरी-लाल पिन घालायला जागाच नाही. पीएस३ ला एचडीएमआय आहे. म्हणून पीएस३.

पण सगळेच पीएस३ पीएस२ ची डिस्क घेत नाहीत. २००६ साली जपान-अमेरिकेत आलेल्या पहिल्या मॉडेलांत सोनीने चक्क पीएस२ चेच दोन मुख्य प्रोसेसर बसवले होते. पुढच्या काही मॉडेलांत त्यातला एक काढला आणि त्याचं काम सॉफ्टवेअरवर टाकलं. २००७ च्या शेवटी ४० जीबीचं मॉडेल आलं, त्यात किंमत उतरवण्यासाठी दुसराही गेला. तिथून पुढचे फॅट (जाड बांध्याचे), मग बारीक स्लिम, मग त्याहून बारीक सुपर स्लिम, कुणीच पीएस२ ची डिस्क चालवत नाही. ओळखायची खूण सोपी आहे. समोर चार यूएसबी पोर्ट असतील तर पीएस२ ची डिस्क चालणारं मॉडेल, दोन असतील तर नाही.

गोंधळ होतो तो ८० जीबीवरून. ८० जीबीचे फॅट दोन प्रकारचे निघाले. आधीच्याला चार पोर्ट आणि पीएस२ ची सोय, नंतरच्याला दोन पोर्ट आणि सोय गायब. खोक्यावर दोन्हीकडे ‘८० जीबी’च. माझ्या विक्रेत्याने नेमका हा आकडा धरला होता.

जाहिरात अशी होती: ‘पीएस३ फॅट ८० जीबी, फुल जेलब्रेक, पीएस१ पीएस२ पीएस३ सर्व चालते, ओरिजिनल डिस्कसुद्धा.’ फोटोत चार पोर्ट स्वच्छ दिसत होते, शेजारी मेमरी कार्डाचं झाकण. किंमत १४,५००. साधा जेलब्रेक पीएस३ यापेक्षा बराच स्वस्त मिळतो, पण चार पोर्टवाल्याला लोक जास्त मोजतात, त्यामुळे भाव रास्त वाटावा असाच होता. फार स्वस्त असता तर शंका तरी आली असती. फोनवर गडी गोड बोलणारा. ‘दुकान नाही दादा, घरूनच करतो. या, बघा, खेळा, मग पैसे द्या. सात दिवस टेस्टिंग वॉरंटी.’

मी कोल्हापुरात, तो पुण्यात. म्हणून मावसभावाला पाठवलं. तो पुण्यातच असतो, पण गेमिंगशी त्याचा संबंध मोबाइलपुरता. त्याला एवढंच सांगितलं होतं की जुनी डिस्क लावून चालते का बघ आणि व्हिडिओ काढ.

आता त्या माणसाची हुशारी बघा. मावसभाऊ म्हणाला, ‘जुनी डिस्क लावून दाखवा.’ त्याने लगेच ड्रॉवरमधून एक डिस्क काढली, पाठीमागून काळी. आत सरकवली, पडद्यावर जुना लोगो आला, गेम सुरू. मावसभाऊ खूश. काळ्या पाठीची डिस्क ही पीएस१ ची, आणि पीएस१ ची डिस्क जगातला प्रत्येक पीएस३ चालवतो, जेलब्रेक असो नसो. पीएस२ च्या डिस्का पाठीमागून चंदेरी असतात, काही सुरुवातीच्या सीडीवाल्या निळ्या. ज्याला हे माहीत नाही त्याच्यासाठी जुनी ती जुनी.

मग भावाने विचारलं, ‘पीएस२ चे गेम?’ त्यावर त्याने हार्ड डिस्कमधून ‘गॉड ऑफ वॉर’ लावला. पीएस२ चा प्रसिद्ध गेम, नाव सगळ्यांनी ऐकलेलं. चित्र एकदम स्वच्छ. भावाने व्हिडिओ पाठवला, वर लिहिलं, ‘दादा एकदम मक्खन चालतोय, घेऊ का?’ मी घे म्हणालो. पैसे यूपीआयवर गेले. खात्यावरचं नाव विक्रेत्याने सांगितलेल्या नावापेक्षा वेगळं होतं. विचारलं तर म्हणाला, बायकोचं खातं आहे.

पार्सल ट्रॅव्हल्सच्या गाडीने आलं. खोकं फोडलं तर समोर दोन पोर्ट. फोटोतलं मेमरी कार्डाचं झाकणही नाही. मागे मॉडेल नंबरची पट्टी असते, ती खरवडलेली, चिकट डिंक तेवढा राहिलेला. तरी पीएस२ ची डिस्क घालून पाहिली. यंत्राने ती ओळखली, चिन्हही दाखवलं, आणि चालवायला गेलं की या यंत्रावर ही डिस्क चालणार नाही असा निरोप. फोन लावला.

‘डिस्क घेत नाहीये.’

‘कुठली लावली?’

‘पीएस२ ची.’

‘कॉपी असेल दादा.’

‘ओरिजिनल आहे.’

‘पीएस१ ची लावून बघा बरं. चालतीय?’

‘ती चालते.’

‘मग ड्राइव्ह ओक्के आहे की!’

या उत्तरावर हसावं की रडावं कळेना. पोर्टांबद्दल विचारलं तर म्हणे, ‘ते इंडियन मॉडेल आहे, इंडियन मॉडेलला दोनच पोर्ट येतात.’ धादांत खोटं, पण आवाजात इतका विश्वास की अनोळखी माणूस गप्प बसेल. फोटोतल्या चार पोर्टांचं काय? ‘तो नेटवरचा फोटो, समजायसाठी टाकतो.’

शेवटी म्हणाला, डिस्कचं काय घेऊन बसलात, हार्ड डिस्कवर टाका, सगळं चालतं. हे अर्धं खरं आहे. जेलब्रेक केलेल्या पीएस३ वर पीएस२ च्या गेमची इमेज (डिस्कची फाइलरूपातली नक्कल) विशिष्ट स्वरूपात बदलून घेतली तर सोनीच्याच आतल्या एम्युलेटरवर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरवर, ती चालवता येते, दोन पोर्टवाल्या यंत्रावरसुद्धा. पण सगळे गेम नाहीत. कुठे आवाज तुटतो, कुठे चित्र फाटतं, काही गेम लोगोच्या पुढे सरकत नाहीत. ‘ओरिजिनल डिस्क चालते’ आणि ‘संगणकावर डिस्कची इमेज काढा, बदला, पेनड्राइव्हवरून टाका, मग नशिबात असेल तर चालेल’ यांत १४,५०० आणि निम्म्या किमतीइतकं अंतर आहे.

मग भावाने पाठवलेला व्हिडिओ मोठ्या पडद्यावर पुन्हा पाहिला. ‘गॉड ऑफ वॉर’ चालू असताना उजव्या वरच्या कोपऱ्यात एक छोटी चौकट येते आणि जाते: ट्रॉफी मिळाली. पीएस२ च्या गेमला ट्रॉफी कुठून येणार? ट्रॉफी, म्हणजे गेममधला टप्पा गाठल्यावर यंत्राने दिलेलं बक्षीस, हा प्रकार पीएस३ च्या काळातला. म्हणजे चालू होता तो २००९ साली पीएस३ साठी निघालेला ‘गॉड ऑफ वॉर कलेक्शन’, पहिल्या दोन भागांची नव्याने घासूनपुसून काढलेली आवृत्ती. तो कुठल्याही पीएस३ वर चालतो. तुपाच्या नावाखाली डालडा, आणि वर वास घेऊन बघा म्हणायची हिंमत.

परत घ्या म्हटलं तर त्याचं खरं रूप बाहेर आलं. ‘जेलब्रेक मशीन घेऊन पोलिसात जाणार का? आधी तुम्हालाच आत घेतील.’ या धमकीवर या धंद्यातले बरेच जण जगतात, म्हणून थोडं स्पष्ट लिहितो. स्वामित्वहक्क कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५अ आलं. हक्कांचं उल्लंघन करण्याच्या हेतूने संरक्षण तोडणं हा त्यात गुन्हा आहे. म्हणजे हार्ड डिस्कमध्ये शेकडो पायरेटेड गेम भरून विकणाऱ्याने दुसऱ्याला कायदा शिकवावा असं काही नाही. आणि सामान एक सांगून दुसरं विकणं ही फसवणूकच, ती भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८ मध्ये बसते. कुणी घाबरून गप्प बसू नये.

आता प्रत्यक्षात काय होतं तेही सांगायला हवं. पोलीस ठाण्यात माझं म्हणणं नीट ऐकून घेतलं, पण सूर असा की पैसे दिले, वस्तू मिळाली, वाद प्रतीचा आहे, ग्राहक आयोगात जा. ग्राहक हेल्पलाइनचा नंबर १९१५. तिथे पहिलाच प्रश्न बिलाचा. बिल नव्हतंच. जाहिरात त्याने काढून टाकली होती. माझ्याकडे तिचा स्क्रीनशॉट, यूपीआयचा व्यवहार क्रमांक आणि भावाचा व्हिडिओ एवढंच उरलं. त्यातलं जाहिरातीचं पान ‘ओरिजिनल डिस्कसुद्धा’ या शब्दांसकट जपून ठेवलेलं असल्यानेच तक्रारीला काही आकार आला. पैसे पाठवले पण वस्तूच आली नाही, असं कुणाचं झालं असेल तर वेळ न घालवता १९३० वर फोन करावा. तिथे पहिले काही तास महत्त्वाचे असतात.

गोष्ट इथे संपली असती तर महाग का होईना, पीएस३ मिळाला म्हणून गप्प बसलो असतो. पण काही आठवड्यांतच एका संध्याकाळी बटण दाबलं आणि हिरवा दिवा, क्षणभर पिवळा, तीन बीप, मग लाल दिव्याची उघडझाप. फॅट पीएस३ वापरलेल्यांना हा पिवळा दिवा पाठ आहे. बोर्ड गेला. टेस्टिंग वॉरंटी केव्हाच संपलेली.

आमच्या इथल्या मेकॅनिककडे नेला. त्याने आधी बाजूच्या रबरी टोपणाकडे बोट दाखवलं. त्याच्यावर सोनीचं वॉरंटीचं स्टिकर असायला हवं, नव्हतं. टोपणाखालचा ताऱ्यासारख्या खाचेचा स्क्रू चुकीच्या पेचकसाने झिजवून गोल केलेला. आत ग्राफिक्सच्या चिपच्या कडेने डाग देताना लावतात त्या फ्लक्सचा तपकिरी, वाळलेला ओघळ, थेट बोर्डावर पसरलेला. चिपची उष्णता ओढून घ्यायला लावतात ती थर्मल पेस्ट पावाला लोणी लावावं तशी नाही, पार धातूच्या झाकणाबाहेर लडबडलेली. मेकॅनिक म्हणाला, ‘हीट गन मारून विकलाय. गरम केला की आतले जोड तात्पुरते धरतात, चार दिवस चालतो. मीही मारून देतो, पण मी गॅरंटी देणार नाही.’ प्रामाणिक माणूस. मी नको म्हणालो.

यावरून जे कळलं ते असं. पीएस२ च्या डिस्कसाठी घेत असाल तर विक्रेत्याची डिस्क पाहूच नका. स्वतःची घेऊन जा, चंदेरी पाठीची, आणि त्या यंत्रात आधी कधी घातली नाही अशी. यंत्र आधीपासून चालू असेल तर बंद करायला लावा, भिंतीवरचं बटणही बंद करा, मग पहिल्यापासून सुरू करून घ्या. त्यात आणखी एक गोष्ट उघडी पडते. स्लिमची ३००० सिरीज आणि सगळे सुपर स्लिम यांच्यावर नुसत्या सॉफ्टवेअरने कायमचा जेलब्रेक होत नाही. त्यांना ‘हेन’ नावाचा तात्पुरता जेलब्रेक लागतो आणि तो प्रत्येक वेळी बंद करून चालू केल्यावर पुन्हा सुरू करावा लागतो. ‘परमनंट जेलब्रेक सुपर स्लिम’ असं कुणी म्हणालं की तिथूनच परत फिरा. गेम निदान तासभर चालू ठेवा, पंख्याचा आवाज ऐका, बाजूचं स्टिकर आणि मागची मॉडेलची पट्टी बघा. स्वतः जाऊ शकत नसाल तर जाणाऱ्याला ‘जुनी डिस्क लावून बघ’ एवढं सांगून भागत नाही. डिस्क त्याच्या हातात द्या आणि पोर्ट मोजायला सांगा.

खरं विचाराल तर नुसते पीएस२ चे गेम खेळायचे असतील तर पीएस२ च घ्यावा, कंपोनंट केबल आणि एक कन्व्हर्टर लावून एचडीएमआयवर आणावा. डोकं शांत राहतं. तिथेही एक खोच आहे: मेमरी कार्डावरचं ‘फ्री मॅकबूट’ (पीएस२ वर बाहेरची सॉफ्टवेअर चालवायची सोय) ९०००० सिरीजच्या उशिराच्या पीएस२ वर चालत नाही, आणि आपल्याकडे बाजारात हिंडणारे अनेक पीएस२ नेमके त्या सिरीजचे आहेत. कार्ड आणि यंत्र एकत्र विकणारा असेल तर दोन्ही तिथेच लावून पाहावं.

त्या विक्रेत्याची जाहिरात आता वेगळ्या नावाने पुन्हा दिसू लागली आहे. मजकूर बदललाय, भाव १५,००० केलाय, फोटो तोच ठेवलाय. निळ्या चौकड्याच्या चादरीवर ठेवलेला फॅट पीएस३, चार पोर्ट, कार्डाच्या झाकणाच्या चंदेरी पट्टीवर डावीकडे आडवा ओरखडा. हा फोटो कुणाला आला तर समोरच्याला त्याच यंत्राचा, आजच्या वर्तमानपत्रावर ठेवून काढलेला फोटो मागा. मी एका मित्राच्या नंबरवरून मागितला होता. आधी ‘मशीन गोडाऊनला आहे’ असं उत्तर आलं, आणि मग नंबर ब्लॉक.