एकच खून, दोन प्वारो: कोणता बघावा?

ॲगाथा ख्रिस्तीच्या ‘लॉर्ड एजवेअर डाइज’ (१९३३) या कादंबरीवर दोन टीव्ही चित्रपट आहेत आणि गंमत म्हणजे ब्रिटिश नट डेव्हिड सुशे दोन्हींत आहे. २००० सालच्या चित्रपटात तो प्वारो, म्हणजे ख्रिस्तीचा प्रसिद्ध गुप्तहेर. १९८५च्या ‘थर्टीन ॲट डिनर’मध्ये मात्र प्वारो पीटर उस्तिनोव्ह आणि सुशे इन्स्पेक्टर जॅप. त्या जॅपबद्दल सुशेनंच पुढे सांगितलं, की ते बहुधा आपल्या कारकिर्दीतलं सर्वांत वाईट काम!

म्हणून तो चित्रपट बादच करायचा? थांबा. सुशेची नाराजी मुख्यतः स्वतःच्या कामावर होती. आणि याच चित्रपटाच्या वेळी उस्तिनोव्हनं ‘तू प्वारो चांगला करशील’ असं त्याला सांगितलं होतं, ही आठवणही त्याचीच. चार वर्षांनी, १९८९मध्ये, सुशेनं प्वारोची ती मिशी लावली ती थेट २०१३पर्यंत.

माझा आक्षेप वेगळाच आहे. १९८५वाल्यांनी कथा उचलून थेट ऐंशीच्या दशकात आणली. सुरुवातीलाच प्वारो ब्रिटिश मुलाखतकार डेव्हिड फ्रॉस्टच्या टीव्ही कार्यक्रमात पाहुणा! उस्तिनोव्ह लोभस आहे, पण ऐसपैस, गप्पिष्ट. टापटिपीचं वेड असलेला ख्रिस्तीचा तो बुटका बेल्जियन त्याच्यात शोधूनही सापडत नाही.

एका बाबतीत मात्र १९८५चा चित्रपट सरस आहे. नटी जेन विल्किन्सनला नवऱ्यापासून, लॉर्ड एजवेअरपासून, सुटका हवी असते, त्याचा खून होतो, साक्षीदार म्हणतात तिला घरात शिरताना पाहिलं, आणि ती तर त्या वेळी मेजवानीत तेरा जणांच्या पंगतीत! शिवाय तिची हुबेहूब नक्कल करणारी कार्लोटा ॲडम्स आहेच. इथं फे डनवेचा डबल रोल आहे, त्यामुळे ‘लोक फसले कसे?’ हा प्रश्नच उरत नाही. २०००मध्ये दोघी वेगळ्या नट्या आहेत. तिथं नकलेवर विश्वास आपण ठेवायचा.

तरी एकच संध्याकाळ मोकळी असेल, तर २००० सालचा लावा. त्यात काळ जुनाच आहे, प्वारोचा मित्र हेस्टिंग्ज आणि फिलिप जॅक्सनचा जॅप आहे. प्वारोची सेक्रेटरी मिस लेमन मूळ कादंबरीत नाही, इथं आहे. कट्टर वाचक कुरकुरतील, मला चालली. कादंबरी आधीच वाचली असेल आणि खुनी ठाऊक असेल, तर मात्र १९८५चा बघा: डनवेसाठी, आणि प्वारोसमोर अवघडून उभ्या असलेल्या त्या जॅपसाठी.