सरकारी माल वाचवला: दर आधी ठरवावा की कोर्टावर सोडावं?

जयगडसमोर एक बार्ज (सपाट मालवाहू बोट) वाहवत चाललीय, तिच्यावर सरकारी माल आहे आणि सर्वांत जवळ आहे तुमचा टग (जहाजं ओढणारी बोट), नाहीतर मासेमारीचा ट्रॉलर. दोर टाकण्याआधी ठरवायला फार तर पाच मिनिटं असतात.

वाचवण्याचा दर आधीच ठरवला, म्हणजे रोजचं भाडं किंवा ठोक रक्कम, तर बार्ज बुडाली तरी डिझेल अंगावर पडत नाही; मात्र तसं लिहून घेतलेलं हवं. तोटा हा की माल कितीही मोलाचा निघाला तरी त्या आकड्याच्या वर काही नाही. तुमचा टग आधीपासूनच माल असलेल्या सरकारी खात्याच्या कंत्राटावर असेल, तर कंत्राटातल्या कामाचं वेगळं साल्व्हेज, म्हणजे संकटातलं जहाज किंवा माल वाचवल्याचं बक्षीस, मिळतच नाही. आणि भर वादळात अडवून घेतलेला अवाजवी दर न्यायालय बदलू शकतं. अर्थात तो अवाजवी कमी असला तरीही.

कोर्टावर सोडलं तर नियम एकच: माल वाचला तरच पैसे. आणि यशाची खात्री नसते: 2020 च्या निसर्ग वादळात रत्नागिरीजवळ मिऱ्याला किनाऱ्यावर चढलेलं ‘बसरा स्टार’ जहाज कितीतरी काळ तिथंच रुतून होतं, एवढं आठवलं तरी पुरे. यश आलं तर 1989 च्या आंतरराष्ट्रीय साल्व्हेज कराराचे निकष लागतात: वाचलेल्या मालाची किंमत, धोका किती होता, तुमचं कौशल्य, वेळ, खर्च, पणाला लावलेल्या बोटीचं मोल, प्रदूषण टळलं का. ठरलेली टक्केवारी नाही. वाचलेल्या मालाच्या किमतीपेक्षा जास्त मात्र मिळत नाही.

सरकारी मालात ही ‘किंमत’च वादाची जागा. नोव्हेंबर 1994 मध्ये फ्लोरिडाजवळच्या वादळात ‘चेरी व्हॅली’ या तेलवाहू जहाजाने नासाच्या अंतराळयानाची इंधनटाकी नेणारी बार्ज वाचवली. खालच्या न्यायालयाने 64 लाख डॉलर दिले, अपिलात ते 41.25 लाखांवर आले. बाजारात न मिळणाऱ्या टाकीचं मोल कसं धरायचं, यावर सगळी ओढाताण झाली.

माल सरकारी म्हणून हक्क जात नाही. खासगी जहाजातल्या सरकारी कापसावरही साल्व्हेज लागतं, असं अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘डेव्हिस’ खटल्यात एकोणिसाव्या शतकातच म्हटलं होतं. अडचण वसुलीची. बक्षिसाचा भार जहाज आणि माल यांच्यात वाचलेल्या किमतीच्या प्रमाणात विभागतो. खासगी जहाजाचा हिस्सा 2017 च्या ॲडमिरल्टी (सागरी दाव्यांच्या) कायद्याखाली मुंबई उच्च न्यायालयातून जहाज अटकवून वसूल करता येतो. साल्व्हेजचा जहाजावरचा हक्क साधारण वर्षभर टिकतो. सरकारच्या हिश्श्यासाठी सरकारवर दावा लावायचा तर आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस, आणि हुकूमनामा झाल्यावरही बजावणीपूर्वी तीन महिने थांबणं. जहाजच सरकारी आणि अव्यापारी कामावरचं असेल, तर 2017 चा कायदा लागूच होत नाही.

माझं मत विचाराल तर हर्णै-मिरकरवाड्याच्या ट्रॉलरवाल्याने दर ठरवावा, निदान व्हॉट्सॲपवर तरी ‘होय’ घ्यावं. बर्फ वितळतोय, खलाशी बसून आहेत. वर्षानुवर्षं तारखा त्याला परवडणार नाहीत. मोठा टग असेल, जहाज खासगी असेल आणि माल महाग, तर कोर्टाचा रस्ता फायद्याचा ठरू शकतो. जहाजाच्या कप्तानाने वाजवी कारणाने स्पष्ट ‘नको’ म्हटलं असेल, तर दोन्ही रस्ते बंद.

काहीही ठरवा, व्हीएचएफ रेडिओवर बोललेली वेळ वहीत टिपा, जीपीएसचा माग जपून ठेवा आणि दोर बांधण्याआधी बार्जचा फोटो काढा.