फिलिपिन्सची काठी आणि तिचा इतिहास: काही पुस्तकांविषयी

सोलापुरात कराटे शिकणाऱ्या मुलांच्या हातांत अलीकडे वेताच्या आखूड काठ्या दिसू लागल्या आहेत. आर्निस, एस्क्रिमा, काली अशा नावांनी ओळखल्या जाणाऱ्या फिलिपिन्सच्या या विद्येवर मराठीत पुस्तक मिळाले नाही, म्हणून नवी पेठेतील ओळखीच्या विक्रेत्यामार्फत काही इंग्रजी पुस्तके मागवली. त्यांत तीन-चार शस्त्रविद्येची हस्तपुस्तके होती आणि विल्यम हेन्री स्कॉट या इतिहासकाराचे ‘बारांगाय’ व ‘प्रीहिस्पॅनिक सोर्स मटेरियल्स’ हे दोन ग्रंथ होते. परदेशी पुस्तकांना लागतो तेवढा वेळ लागला आणि एका खोक्याचा कोपरा चेपून आला. बाकी तक्रार नाही.

हस्तपुस्तकांमधला तंत्राचा भाग चोख आहे. साधारण 28 इंचांची काठी, आघाताच्या क्रमांक दिलेल्या दिशा (बहुतेक परंपरांत 12), एका हातात लांब आणि दुसऱ्या हातात आखूड शस्त्र घेऊन करायचा ‘एस्पादा इ दागा’ हा सराव, हे सगळे छायाचित्रांसह नीट उलगडून दाखवले आहे. काठी वेताचीच का, याचे उत्तरही पटण्यासारखे आहे. वेत आतून भरीव असतो आणि मार खाऊन त्याचे तंतू सुटत जातात, तर बांबू पोकळ असल्याने फुटतो आणि त्याच्या धारदार चिपा उडतात. आपल्याकडे ज्यांनी फरीगदगा खेळला किंवा निदान पाहिला आहे, त्यांना यातील पवित्रे आणि हात अगदीच परके वाटणार नाहीत.

घोटाळा होतो तो या पुस्तकांच्या पहिल्या प्रकरणात, म्हणजे इतिहासात. बोर्निओहून दहा दातू, म्हणजे सरदार, पनाय बेटावर आले, त्यांनी सोन्याच्या टोपीच्या मोबदल्यात तिथल्या आती लोकांच्या प्रमुखाकडून सपाट प्रदेश घेतला, शाळा काढल्या आणि त्या शाळांत काली शिकवली, अशी कथा थोड्याफार फरकाने प्रत्येक पुस्तकात येते. पुढे माक्तान बेटावरच्या लढाईत तिथला सरदार लापुलापू याने याच विद्येच्या बळावर स्पॅनिश ताफ्याचा प्रमुख मॅगेलन याला मारले आणि नंतर स्पॅनिश राज्यकर्त्यांनी तिच्यावर बंदी घातली, असे सांगितले जाते. बंदीचे फर्मान कोणते, ते कुठे जपले आहे, याचा दाखला मी वाचलेल्या एकाही पुस्तकात नाही.

माक्तानच्या बाबतीत तर प्रत्यक्षदर्शीचा वृत्तांतच उपलब्ध आहे. मॅगेलनच्या ताफ्यातील अंतोनियो पिगाफेता 27 एप्रिल 1521 च्या त्या चकमकीत स्वतः होता. 49 जण पाण्यातून किनाऱ्याकडे गेले, मॅगेलनच्या पायात विषारी बाण लागला, चेहऱ्यावर बांबूचा भाला बसला, मग डाव्या पायावर मोठ्या तलवारीचा वार झाला आणि तो पालथा पडला, असे तो लिहितो. शेवटचा वार लापुलापूने केला असे त्यात कुठेही नाही आणि काठीचा तर उल्लेखही नाही.

इथे स्कॉटचे ग्रंथ कामी येतात. बखरींना बाजूला सारून अस्सल कागदांचा आग्रह धरणाऱ्या राजवाड्यांच्या महाराष्ट्रात स्कॉटची पद्धत समजावून सांगण्याची गरज पडू नये. ‘प्रीहिस्पॅनिक सोर्स मटेरियल्स’ हा ग्रंथ त्याच्या 1968 च्या प्रबंधातून आला असून, स्पॅनिशपूर्व म्हणून मिरवणारा एकेक कागद त्यात तपासला आहे. दहा दातूंची कथा ज्या ‘मारागतास’मध्ये आहे, ते पेद्रो मोंतेक्लारो यांनी 1907 मध्ये छापलेले पुस्तक आहे. स्कॉट त्याला लबाडी म्हणत नाही; ती लोकपरंपरेतील आख्यायिका आहे, प्राचीन दस्तऐवज नव्हे, एवढेच तो दाखवून देतो. कालांतियाव नावाच्या सरदाराचे 1433 सालचे कायदे म्हणून गाजलेली ‘कालांतियावची संहिता’ मात्र होसे मार्को या गृहस्थाने विसाव्या शतकात पुढे आणलेली बनावट आहे, हे तो पुराव्यानिशी सिद्ध करतो. प्रबंधानंतर तीनच वर्षांनी निवृत्त न्यायाधीशांसाठी याच कालांतियावच्या नावाने सरकारी सन्मान सुरू झाला आणि तिथल्या राष्ट्रीय इतिहास संस्थेने ही संहिता निराधार असल्याचे ठरवायला 2004 साल उजाडले, यावरून आवडत्या इतिहासाची पकड किती घट्ट असते ते कळते.

या ग्रंथाची सुधारित आवृत्ती 1984 ची आहे. फिलिपिन्सच्या लागुना प्रांतातील कोरीव ताम्रपट त्यानंतर सापडला, त्यामुळे तो यात नाही, हे वाचकाने ध्यानात ठेवावे. पंचांग पाहणाऱ्या घरांना या ताम्रपटाचे विशेष अप्रूप वाटेल, कारण त्यावर शके 822, वैशाख, कृष्ण पक्ष, चतुर्थी, सोमवार अशी तिथी कोरलेली आहे. इसवी सनाच्या हिशेबाने ते साल 900. नामवारान नावाच्या माणसाचे सोन्यातील कर्ज फिटल्याची ती पावती आहे. लढाई नाही, राजाचा पराक्रम नाही, पण इतिहासासाठी दहा दातूंपेक्षा ती मोलाची आहे.

‘बारांगाय’ हा स्कॉटचा शेवटचा ग्रंथ. 1993 मध्ये तो वारला आणि पुढच्या वर्षी अतेनेओ दे मनिला विद्यापीठाच्या प्रकाशन संस्थेने तो काढला. स्कॉट अमेरिकन होता, पण सागादाच्या डोंगराळ भागात त्याचे आयुष्य गेले. 1972 मध्ये फिलिपिन्सचा राष्ट्राध्यक्ष मार्कोस याने देशात मार्शल लॉ लावला तेव्हा त्यालाही तुरुंगात टाकले गेले. (मार्शल लॉ म्हणजे काय, हे सोलापूरकरांना 1930 पासून वेगळे सांगावे लागत नाही.) सोळाव्या शतकातील समाजाचे चित्र त्याने उभे केले ते मुख्यतः स्पॅनिश मिशनऱ्यांच्या शब्दकोशांतून. शस्त्राचा, मद्याचा, होडीच्या फळीचा एकेक शब्द आणि त्याखाली पाद्र्याने दिलेले स्पष्टीकरण, अशा कणाकणांतून घर, शेत, व्यापार आणि युद्ध आकाराला येत जाते.

फिलिपिन्सच्या मध्यभागातील व्हिसाया बेटांतील युद्धावरचे प्रकरण शस्त्रविद्येच्या विद्यार्थ्याने आवर्जून वाचावे. ‘कालासाग’ ही ढाल हलक्या, तंतुमय लाकडाची असे, जेणेकरून घुसलेला भाला तिच्यात अडकून पडावा. अंगावरचे गोंदण लढाईत कमवावे लागे आणि ते घोट्यापासून वर चढत जाई. चेहरा गोंदवून घेण्याचा मान फार थोड्यांचा. मात्र ग्रंथाचा निम्म्याच्या आसपास भाग व्हिसायांनी व्यापला आहे, त्यामुळे दक्षिणेकडच्या मिंदानाओ बेटावर अन्याय झाल्यासारखे वाटते. मांडणी इतकी दाट आहे की एका बैठकीत प्रकरण संपत नाही. स्थानिक शब्दांची गर्दी नवख्याला दमवते. इंग्रजी मात्र सरळ आहे.

हस्तपुस्तकांना टाकाऊ ठरवण्याचे कारण नाही. त्यांतील विसाव्या शतकाची माहिती, उदाहरणार्थ 1932 मध्ये सेबूत स्थापन झालेल्या ‘दोसे पारेस’ या संघटनेची हकिगत, ऐकीव असली तरी जवळच्या माणसांकडून आलेली आणि म्हणून उपयोगी आहे. आर्निसला तिथल्या कायद्याने राष्ट्रीय खेळाचा दर्जा मिळाला तो 2009 मध्ये. तेवढ्या अलीकडच्या मानासाठी हजार वर्षांची वंशावळ जोडण्याची गरज नव्हती.

काठी शिकणाऱ्याने एखादे हस्तपुस्तक घ्यावे आणि त्यातील इतिहासाचे प्रकरण वगळून थेट पवित्र्यांपासून सुरुवात करावी. ज्याच्याकडे एकाच पुस्तकापुरते पैसे आहेत, त्याने ‘बारांगाय’ घ्यावे. ‘प्रीहिस्पॅनिक सोर्स मटेरियल्स’ हे प्रामुख्याने अभ्यासकांचे पुस्तक आहे. ते एखाद्या महाविद्यालयाच्या इतिहास विभागाने मागवले तर अधिक हातांत जाईल.