मयत, लग्न की आजारपण? पक्क्या कैद्यासाठी कोणत्या रजेचा अर्ज करायचा

वडील गेल्याचा फोन आला की तुरुंगातल्या भावासाठी सगळे सांगतात, 'पॅरोल टाका.' पण पक्क्या, म्हणजे शिक्षा लागलेल्या कैद्याला काही दिवस घरी सोडण्याच्या महाराष्ट्रात १९५९ च्या फर्लो-पॅरोल नियमांनी तीन वाटा केल्या आहेत. चुकीची वाट धरली तर अर्ज फिरेपर्यंत तेरावं उलटून जातं.

मयत किंवा लग्न असेल तर इमर्जन्सी पॅरोल. आजी-आजोबा, आई-वडील, पती-पत्नी, मुलं, भावंडं यांच्यापैकी कुणाचा मृत्यू, किंवा मुलाबाळांचं, भावंडांचं लग्न, एवढीच कारणं. दिवस मोजके आणि मुदतवाढ नाही. सोबत पोलीस बंदोबस्त द्यायचा की रोज ठाण्यात हजेरी लावायला सांगायचं, हे मंजुरी देणारा अधिकारी गुन्हा आणि तुरुंगातली वागणूक पाहून ठरवतो. बंदोबस्ताचा खर्च मात्र कैद्याच्या माथी, तोही सुटण्याआधी. कैदी नागपूरला आणि गाव सिंधुदुर्गात असेल तर हा आकडा घरच्यांना घाम फोडतो. परवडत नसेल तर हजेरीच्या अटीवर सोडण्याची विनंती अर्जातच लिहा, नंतर नको. मृत्यूचा दाखला मिळायला वेळ लागतो. तोवर दवाखान्याचा कागद किंवा पोलीस पाटलाचं पत्र जोडा.

आई अंथरुणाला खिळली असेल, बायकोचं बाळंतपण असेल, पुरात किंवा आगीत घर गेलं असेल, तर नियमित पॅरोल, म्हणजे सरकारी भाषेत अभिवचन रजा. हिचे दिवस जास्त, पण वेळही जास्त खाते. स्थानिक पोलिसांचा अहवाल मागवला जातो. हवालदार घरी येतो, जबाब घेतो, शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारतो, जामीनदार खरंच जामीन राहायला तयार आहे का ते बघतो. अर्ज रखडतो तो बहुतेक इथेच. डॉक्टरांच्या दाखल्यावर आजाराचं नाव, उपचार आणि नोंदणी क्रमांक स्पष्ट हवा. 'तब्येत बरी नाही' एवढ्या मजकुराचा दाखला न जोडलेला बरा. आणि खोटा जोडलात तर पुढच्या प्रत्येक अर्जावर त्याची सावली पडते.

तिसरी संचित रजा, म्हणजे फर्लो. तिला कारण लागत नाही. ठरावीक शिक्षा भोगली की ती मागता येते, मंजुरी कारागृह उपमहानिरीक्षकांकडून. लोक तिला नोकरदाराच्या हक्काच्या रजेसारखी समजतात, पण सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये फर्लो हा पूर्ण हक्क नसल्याचं स्पष्ट केलं. काही गुन्ह्यांच्या कैद्यांना ती मिळतच नाही. मात्र एक फरक मोठा आहे: फर्लोचे दिवस शिक्षेत धरले जातात, पॅरोलचे धरले जात नाहीत, तेवढे दिवस मागाहून आत काढावे लागतात. म्हणून बहिणीच्या लग्नाची तारीख चार महिन्यांनंतरची असेल आणि फर्लो देय असेल, तर मी आधी फर्लोच मागेन. मयतीला मात्र तो हिशोब करत बसू नये.

(कोविडच्या काळात, मे २०२० मध्ये, ४५ दिवसांचा 'इमर्जन्सी पॅरोल' दिला गेला. ती सोय साथीपुरती होती. तिचा दाखला देऊन आज दिवस वाढवून मागू नका.)

खटला अजून चालू असेल तर यातलं काहीच लागू नाही. कच्च्या कैद्यासाठी त्याच कोर्टात तात्पुरत्या जामिनाचा अर्ज करावा लागतो, आणि तो नाकारला जाईल असं वाटलं तर निदान बंदोबस्तात अंत्यदर्शनाला नेण्याची पर्यायी मागणी वकिलाने त्याच अर्जात घालावी.

पक्क्या कैद्याचा अर्ज तुरुंग अधीक्षकांकडे द्या आणि पोच घ्या. नकार आला तर तो लेखी मागा. उच्च न्यायालयात फौजदारी रिट, म्हणजे नकाराविरुद्धची याचिका करायची तर वकील पहिल्यांदा तोच कागद मागेल, आणि मयतीचं कारण असेल तर तातडीच्या सुनावणीची विनंती त्याच दिवशी करता येईल.