फ्रांचेस्को रोझीचे सिनेमे: सहा महिने सलग पाहिल्यावर

इटलीतल्या नापोलीच्या (नेपल्सच्या) या दिग्दर्शकाची ओळख बहुतेक जण 'साल्वातोरे जुलियानो' (1962) पासून करून घेतात आणि अर्ध्या तासात गोंधळतात. मुख्य सिनेमे दोन-दोनदा पाहून झाल्यावर ठाम सांगावंसं वाटतं: सुरुवात 'ले मानी सुल्ला चित्ता'ने (1963), म्हणजे 'शहरावरचे हात'ने करा.

त्याची गोष्ट सरळ पुढे जाते. बिल्डर नोत्तोला (रॉड स्टायगर) शहराबाहेरच्या जमिनीवर उभं राहून हिशेब मांडतो: शेती आहे तोवर मातीमोल, पालिकेने रस्ता-पाणी-गटार नेलं की पाच हजार टक्के नफा. आपल्याकडे एनएचा (शेतजमीन बिगरशेती करून घेण्याचा) खेळ म्हणतात तोच. मग त्याच्या बांधकामाच्या दणक्यांनी शेजारची जुनी इमारत कोसळते आणि चौकशी महापालिकेत येते. सत्ताधारी नगरसेवक दोन्ही हात वर करून ओरडतात, आमचे हात स्वच्छ आहेत! पडदाभर नुसते तळवे. त्यांना भिडणारा विरोधी नगरसेवक दे वीता साकारलाय कार्लो फेर्मारिएल्लोने, आणि तो खराखुरा कामगार नेता होता. सभागृहात चार-पाच जण एकदम बोलतात, सबटायटल मात्र एकाचंच येतं. म्हणून हा प्रसंग दुसऱ्यांदा सबटायटल बंद करून, कोण बोलण्याआधी कोणाकडे बघतो एवढंच टिपत पाहावा. सौदा तिथे उलगडतो.

सिसिलीतल्या डाकूवरच्या 'जुलियानो'ला बसताना तारखा कागदावर लिहून ठेवा. 1 मे 1947, पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा इथे कामगार दिनाच्या मेळाव्यावर जुलियानोच्या टोळीचा गोळीबार, 11 ठार. 5 जुलै 1950, कास्तेलवेत्रानोच्या एका अंगणात जुलियानोचं प्रेत. मग त्या गोळीबाराचा वितेर्बो शहरातला खटला, आणि 1954 मध्ये त्याचा साथीदार पिशोत्ताचा तुरुंगात विषाने मृत्यू. सिनेमा प्रेतापासून सुरू होतो आणि या काळांत पुढे-मागे उड्या मारतो. जुलियानोचा चेहरा नीट दिसतच नाही, लांबून पांढरा कोट तेवढा दिसतो. इथे नायक शोधणारा फसतो, कारण रोझीला डाकूपेक्षा त्याला वापरणाऱ्यांत रस आहे. मोंतेलेप्रे गावातच चित्रण झालंय. पुरुषांना धरून नेल्यावर गावातल्या बायका गल्लीतून सैनिकांवर धावून जातात, तो प्रसंग मोठ्या पडद्यावरच बघण्यासारखा.

'इल काझो मात्तेई' (1972), म्हणजे 'मात्तेई प्रकरण', त्यानंतर. तेल कंपनीचा प्रमुख एन्रिको मात्तेई 27 ऑक्टोबर 1962 ला विमान कोसळून गेला. अपघात की घातपात, यावर सिनेमा निकाल देत नाही. रोझीसाठी सिसिलीत माहिती काढणारा पत्रकार माउरो दे माउरो सप्टेंबर 1970 मध्ये पालेर्मोतून नाहीसा झाला, हे आधी माहीत असेल तर हा सिनेमा अंगावर येतो. माफिया सरदारावरचा 'लकी लुचानो' (1973) मात्र विस्कळीत वाटला, दोनदा पाहूनही.

'क्रिस्तो सी ए फेर्मातो आ एबोली' (1979), म्हणजे 'ख्रिस्त एबोलीत थांबला', घेताना लांबी तपासा. अडीच तासांच्या आवृत्तीत सिनेमा ज्या गावात घडतो त्याचा संथ दिनक्रम कापला गेलाय. टीव्हीसाठीची चार भागांची, सुमारे 220 मिनिटांची आवृत्ती मिळवा आणि दोन रात्रींत दोन-दोन भाग पाहा.